गणपत गवंड्याचं एकेक वाक्य

गणपत, तुझ्या मयतीत मी एक शब्दही बोललो नाही. हे तुला कळलं असतं तर तू आधी पोट धरून हसला असतास आणि मग कुणाला तरी हळूच विचारलं असतंस, "मास्तरची तब्येत बरी हाय ना?"

आज पाचवा दिवस. शाळा सुटली आहे, पोरं पांगली आहेत आणि मी पडवीत बसून मागच्या साली उरलेल्या कोऱ्या हजेरीपटावर लिहितो आहे. तू ऐकत नाहीस हे मला पक्कं माहीत आहे. आत्मा नाही, परलोक नाही, मेलेला माणूस कुठं बसून ऐकत नसतो, हे मीच तुला लिंबाखाली बसून तीन दिवस समजावलं होतं. चौथ्या दिवशी तू म्हणालास, "समजलं. म्हन्जे मेल्यावर तुह्या भाषनातून सुटका." सुटका नाही, गणपत. बस तिथंच.

मला तुझ्याशी भांडायचं आहे. चार वर्षं झाली, हे भांडण मी मनात धरून बसलो होतो. या गावात जो कोणी गेला त्याच्यासाठी तुझ्यापाशी एक वाक्य असायचं. दारुड्या भिकासाठीसुद्धा होतं. माझ्या सुजाताला मातीत ठेवलं त्या दिवशी मात्र तू उभा राहिलास आणि काही न बोलता खाली बसलास. काहून, गणपत? हे मी तुला विचारायचं ठेवलं आणि तू निघून गेलास. आता मी सगळं पहिल्यापासून काढणार आहे, कारण मला मधूनच सुरू करता येत नाही, हे तू गावभर सांगितलेलंच आहेस.

तू धम्मदीक्षेसाठी नागपूरला गेलास तेव्हा मी गेलो नाही. साहेब शाळा तपासायला येणार होते आणि सुटी मागायची माझी छाती झाली नाही. साहेब आलेच नाहीत. तू मात्र थापी कोपऱ्यात टाकून, भाकरी फडक्यात बांधून गेलास आणि नवव्या दिवशी परत आलास तो मुका होऊन. भागी वहिनी दारात उभ्या. त्यांनी विचारलं, "जेवले का?" तू हात वर केलास. "बरे हा ना?" पुन्हा हात वर. "काय झालं वो तुमाले?" तू डोळे मिटून घेतलेस. वहिनींनी गळाच काढला. "माहा बोलता नवरा गेलता, मुका धाडला वो!" अर्धं गाव जमलं. कोणी म्हणालं बाहेरचं लागलं, कोणी म्हणालं गर्दीत मार बसला. तू कोणाकडे न बघता सरळ माझ्या घरी आलास, माझ्या हातात पाटी दिलीस आणि तोंड उघडलंस. तीन शरणं आणि पाच शीलं, एका दमात. मी ती उतरून घेतली. मगच तू पाणी मागितलंस.

वाटेत कोणी बोललं की एखादा शब्द सांडायचा आणि पुन्हा पहिल्यापासून घोकायला लागायचं, म्हणून उमरखेडपासून पुढं तू कोणाशी बोललाच नव्हतास. तुला अक्षर येत नव्हतं. डोक्यात जेवढं मावेल तेवढंच आणता येणार होतं, आणि तू तेवढं न सांडता आणलंस. मी व्हर्न्याक्युलर फायनल पास माणूस, पण त्या दिवशी पाटी घेऊन तुझ्यापुढं बसताना मीच शाळकरी पोर झालो होतो. तुला ते सांगायचं राहिलं.

मग आपण घरातले देव पैनगंगेत सोडून आलो. मरीआई गेली, खंडोबा गेला, देव्हारे रिकामे झाले. गावातला एक चावट म्हणाला, "सारे देव काहाडले आन् गनपत तेवढा ठेवला." मी तुला नाव बदल म्हणालो. कितीतरी चांगली नावं काढून दिली. तू म्हणालास, "मास्तर, नाव बदललं तं माही माय मले हाक कशी मारीन? तिले एवढंच येते." म्हणून तू गणपतच राहिलास. खरी अडचण पुढंच होती. जुनं सगळं गेलं होतं. लग्नातली गाणी, हळदीचे देव, बारशाचे, मयतीचे विधी, सगळं. नवं म्हणून हातात आलं होतं ते तुझ्या डोक्यातलं तेवढंच. लग्न लागलं तरी तेच, बारसं असलं तरी तेच आणि माणूस गेला तरी तेच. एवढ्याशा शब्दांत माणसाचं सगळं आयुष्य कसं बसवायचं, हा प्रश्न मला पडला होता. तुला पडला नव्हता. तू भिंत बांधायला जावं तसा निघालास.

यमुनेचं लग्न आठवतं? आपल्या सटवाजीची यमुना. नव्या रीतीचं आपल्या गावातलं ते पहिलं लग्न. पांढरं लुगडं बघून नवरीच्या आजीनं आकाशपाताळ एक केलं. "लगनाच्या दिशीच रांडवेचं लुगडं!" तिची समजूत घालण्यात माझा घसा बसला. मुलाकडचे पुसदकडून पाच बंड्या घेऊन निघालेले. त्यातल्या दोन पोचल्या, ऊन डोक्यावर आलं, तू मांडवात गेलास, दोन मेणबत्त्या लावल्यास, पोरापोरीला उभं केलंस, शरणं म्हटलीस, शीलं म्हटलीस आणि म्हणालास, "एकमेकाले मानूस समजा. भांडाचं तं भांडा, पन ताटावर बसून भांडू नोका. झालं." आणि खाली बसून तंबाखू मळायला लागलास.

नवरदेवाचा मामा विहिरीवर पाय धूत होता. तो पटका बांधत बांधत मांडवात आला.

"लगन कवा लागते?"

"लागलं," तू म्हणालास.

"कवा लागलं?"

"तुम्ही पाय धूत होते तवा."

मामा मांडवाच्या मधोमध बसला. सात कोस बंडीत हाडं खिळखिळी करून घेतली, आणि भाच्याचं लग्न पाय धुता धुता गेलं! आता नवरदेव परत नेतो, म्हणाला. तू तंबाखू टाकून दिलीस, उठलास आणि पुन्हा लग्न लावलंस. तेवढ्यात मागच्या तीन बंड्या धुळीतून आल्या. त्यात नवरदेवाची आजी, तिच्या मांडीवर लाडवांचं गाठोडं. झालं, तिसऱ्यांदा. या वेळी तू सगळ्यांकडे बघून म्हणालास, "आनखी कोनी वाटनं असन तं आताच सांगा. चौथ्यांदा लागलं तं हे दोघं एकमेकाले कधीच सुटाचे नाईत." यमुना अजून नवऱ्याला सुनावते, "तीनदा लागलंय. तोडाचं असन तं तीनदा तोडा लागन." बारा भांडणं झाली, पण घर मोडलं नाही.

मी त्या दिवशी तुला घरी येऊन बजावलं. लग्न म्हणजे चार घटकांचा सोहळा. लोक लांबून येतात, त्यांना काहीतरी ऐकायला पाहिजे. तू म्हणालास, "मापाशी हाय तेवढं म्हनलं. आनखी कोठून आनू?" मी म्हणालो, मधल्या वेळात मी बोलतो. तू माझ्याकडे बराच वेळ बघितलंस. आता वाटतं, तेव्हाच तुला सगळं दिसलं होतं. पण तू मला अडवलं नाहीस.

ढाणकीच्या बाजारातून मी दोन आण्याची वही आणली आणि भाषण लिहिलं. पुढच्या लग्नात तू शीलं म्हटलीस, मी खाकरलो आणि सुरू झालो. सिद्धार्थाचा जन्म, शुद्धोदनाचा वाडा, यशोधरेशी लग्न, इथपर्यंत सगळे माना डोलवत होते. मग मी त्या रात्रीवर आलो. राजपुत्र उठतो. झोपलेल्या बायकोकडे एकदा बघतो. बाळाकडे बघतो. आणि घर सोडून निघतो. मी अगदी रंगात आलो होतो. नवरीकडून हुंदका आला. मला वाटलं भाषण लागू पडलं. मग नवरीची मावशी उभी राहिली.

"मास्तर, लगनाच्या मांडवात नवरा पळून गेल्याची गोष्ट काहून सांगून राह्यले?"

मी समजावायला गेलो की तो पळून गेला नाही, जगाच्या दुःखासाठी गेला. ती म्हणाली, "जगाचं दुख आमाले ठाव हाय. पोट्टीचं काय?" नवरीच्या बापानं नवरदेवाकडे असं बघितलं की तो बिचारा म्हणाला, "मी नाई जात कोठीच." वरण थंड झालं होतं. तू माझ्या कानाशी आलास आणि पुटपुटलास, "मास्तर, त्याले लवकर घरी आन बाप्पा, नाई तं लगन मोडते." मी राजपुत्राला सहा वर्षांचं तप, बोधिवृक्ष, सारनाथ सगळं गाळून तडक कपिलवस्तूला परत आणलं. बायकोची भेट घालून दिली. टाळ्या पडल्या. एवढ्या घाईनं त्याला आजवर कोणी घरी आणलं नसेल.

त्यानंतर भाषणावर आपली रोज हुज्जत. मी म्हणायचो, शब्द थोडे असले की विचार खुंटतो. दुःख मोठं आणि बोलणं एवढंसं, हे बरोबर नाही. माणसाला आपलं मन मोकळं करायला भाषा लागते. तू म्हणायचास, "भाषा लागते, पन गाडीभर कायले लागते?" मी तुला नवे शब्द शिकवायचो. करुणा, मैत्री, अनित्य. अनित्य तुला आवडला. पण तू तो मांडवात कधी वापरला नाहीस. का म्हणून विचारलं तर म्हणालास, "हा शब्द म्हनला का तुह्यावानी समजावून सांगा लागते. मंग दिवस जाते." मी रागानं वही मिटली. दुसऱ्या दिवशी पुन्हा आपण दोघं लिंबाखाली.

गंगाबुढीची गाय तर मी पोरांना अजून सांगतो. धार काढताना लाथा मारणारी. बुढी तिला दाव्यानं ओढत तुझ्या दारात घेऊन आली.

"गनपत, हिच्यावर ते म्हन."

"कोनतं?"

"तेच पाच."

"बुढे, गायले काय सांगू? चोरी करू नको? खोटं बोलू नको? ते दारू पेत नाई. ते आपल्या पुढं गेलेली हाय."

बुढी हट्टाला पेटली. तुझं आणि तिचं अर्धा तास चाललं. हे मंतर नोहे, हे वचन हाय, घेनाऱ्यानं घ्याचं असते, गायनं कसं घ्याचं? शेवटी तू उठून गायीची कास बघितलीस, सडाला जखम होती, तिथं हळद-तेल लावलंस. गाय बरी झाली. आणि बुढी गावभर सांगत फिरली की गणपतनं हळू आवाजात म्हटलंच. तू कपाळावर हात मारून घेतलास.

माझ्या सुजाताचं बारसं. नव्या नावाची आपल्या गावातली ती पहिली पोर. तिच्या आईनं, सरूनं, तिला पांढऱ्या झबल्यात गुंडाळून तुझ्यापुढं धरलं. मी म्हणालो, गणपत, बारा दिवसांच्या पोरीला शीलं काय देतोस, ती काय कबूल करणार? तू म्हणालास, "आपन तिच्या वतीनं कबूल करू. मोठी झाली का ते आपल्याले जाब विचारीन." चार शीलं पोर टुकूटुकू बघत होती. पाचव्याला, दारू पिणार नाही म्हणताच, तिनं भोकाड पसरलं. सगळं घर हसलं. तू सरूला म्हणालास, "वयनी, माहेरी कोनी पेते काय?" सरूचे दोन भाऊ तिथंच बसले होते. ते उठून बाहेर गेले.

पण तुझं खरं काम मयतीत दिसायचं, हे मी तुझ्या तोंडावर कधी कबूल केलं नाही. आता करतो. माती देऊन झाली की तू शीलं म्हणायचास आणि मग त्या माणसाबद्दल एक वाक्य बोलायचास. एकच, आणि खरं. ते आधी ठरवलेलं नसायचं. सुईण रंगूबाई गेली तेव्हा म्हणालास, "या गावात साऱ्याईचं तोंड पयल्यांदा हिनंच पाह्यलं." नुसतं एवढंच. सगळी माणसं आपापले चेहरे खाली करून उभी राहिली, गावातला दांडगा तुळशीरामसुद्धा. भिका गेला तेव्हा लोकांना हसू आवरत नव्हतं, कारण भिका आयुष्यभर शुद्धीवर फार थोडा वेळ होता. तू म्हणालास, "पाचातले चार पाळले यानं. आपन आपले मोजून पाहा." हसू जिथल्या तिथं थांबलं. मी घरी येऊन मोजले. माझे भिकापेक्षा कमी भरले.

मी तुला विचारलं होतं, हे तुला सुचतं कसं? तू म्हणालास, "सुचत नाई. त्या मानसाकडे पाहाचं. त्याच्यातच रायते ते." गवंड्यानं दगडाकडे बघून त्याचा चेहरा ओळखावा, तसं असेल. मला ते कधी जमलं नाही. मी माणसाकडे बघायला लागलो की मला पुस्तक आठवतं.

आणि मग ते वर्ष. सुजाताला ताप आला. पुसदच्या दवाखान्यात नेली, चौथ्या दिवशी परत आणली ती तशीच. पाच वर्षांची पोर. पोळ्यासाठी तिनं मातीचा बैल करून ठेवला होता, त्याला एक शिंग लावायचं राहिलं होतं. मातीला सगळे आले. तू शीलं म्हटलीस. तुझा आवाज फाटत होता. मी मान खाली घालून उभा होतो आणि मनात एकाच गोष्टीची वाट बघत होतो. गणपत आता काय म्हणतो? जे मला माझ्या सगळ्या शब्दांतून मिळत नव्हतं, ते तू एका वाक्यात देशील आणि मी ते धरून घरी जाईन, सरूला देईन. बराच वेळ गेला. मग पायांचा आवाज आला. मी मान वर केली तेव्हा तू खाली बसला होतास.

भिकाला वाक्य, माझ्या पोरीला नाही. त्या दिवसापासून माझं तुझ्याशी वाकडं झालं. तुला ते कळत होतं. आपण बोलायचो, पण विटा, चुना, गावात बांधायच्या विहाराची जागा, पावसापाण्याचं. भाषणावरची हुज्जतसुद्धा बंद पडली. मी मयतींना जायचं टाळायला लागलो, पोरांची परीक्षा आहे म्हणून सांगायचो. एकदा, दोन वर्षांमागं, ढाणकीच्या बाजारातून येताना ओढ्यापाशी तू थांबलास. म्हणालास, "मास्तर, त्या दिशी मी..." आणि मी घाबरलो, गणपत. का ते आजही सांगता येत नाही. मी लगेच विहाराच्या पायाबद्दल बोलायला लागलो. पाया दोन हात खोल घ्यावा की अडीच, काळी जमीन उन्हाळ्यात कशी फाटते, यावर मी गाव येईपर्यंत बोलत राहिलो. तू हो, हो म्हणत राहिलास. तुझ्या आयुष्यात तू पहिल्यांदा माझ्यापुढं मनातलं काही बोलायला तोंड उघडलं होतंस, आणि मी ते बुजवून टाकलं.

आणि मग पाच दिवसांमागं दुपारी पोरं धावत आली. विहाराची भिंत कंबरेएवढी झाली होती, तू ओळंबा लावून ती सरळ आहे का बघितलंस, सावलीत टेकलास आणि गेलास. आरडाओरडा नाही, दवाखाना नाही. वहिनींच्या भोवती बायका जमल्या. मंडळी माझ्याकडे आली. "मास्तर, आता तुमालेच म्हना लागन. शीलं म्हना आन् ते एक वाक्य बोला. गनपतले त्याच्याशिवाय कसं ठेवाचं?"

मी घरी आलो, दार लावलं आणि लिहायला बसलो. एकच वाक्य लागणार होतं, म्हणून चार पानं लिहिली. मग त्यातून एक निवडायला बसलो. "याच्या हातची भिंत कधी वाकडी झाली नाही." हे छान होतं, पण धोंडबाच्या गोठ्याची भिंत समोरच उभी आहे, जवळपास झोपलेलीच आहे, आणि धोंडबा मयतीला येणार होता. "हा कधी खोटं बोलला नाही." माझी सोयरीक जमवताना तू सरूच्या बापाला सांगितलं होतंस की पोरगा उंच आहे, आज बसला आहे म्हणून बुटका दिसतो. सरू अजून ते काढते. "हा कधी कोणावर रागावला नाही." थापीचा वळ माझ्या पाठीवर आठ दिवस होता. "हा फार मोठा माणूस होता." हे ऐकून तू उठून बसला असतास. सगळं खोडलं. उन्हं कलायला लागली, बाहेरून हाक आली, आणि माझ्याकडे चार पानं होती आणि वाक्य एकही नव्हतं.

जागेवर गेलो. सगळं गाव आलेलं. यमुना नवऱ्यासकट आली होती. गंगाबुढी काठी टेकत आली होती. माती देऊन झाली. मी शरणं म्हणायला लागलो आणि माझ्या लक्षात आलं की माझी गरजच नाही. सगळ्यांना पाठ होतं. बायांना, बुढ्यांना, शेंबड्या पोरांना. दहा वर्षं लग्नात, बारशात, मयतीत ऐकून ऐकून सगळं गाव ते एका सुरात म्हणत होतं, अगदी तू श्वास घ्यायचास तिथं श्वास घेत. मी फक्त ओठ हलवत होतो.

शीलं संपली. सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी खिशात हात घातला, पानं हाताला लागली, काढली नाहीत. म्हटलं, गणपत सांगायचा तसं करू, माणसाकडे बघू. मी खाली बघितलं. ओल्या मातीवर तुझ्या सुनेनं पांढरी फुलं ठेवली होती. मी तोंड उघडलं. काही आलं नाही. मिटलं, पुन्हा उघडलं. मला नाही म्हटलं तरी हजार शब्द येतात, गणपत. त्यातला एक पुढं यायला तयार नव्हता. हात कुठं ठेवावे कळेना. किती वेळ गेला मला सांगता येणार नाही. दुपारपासून कोरड्या डोळ्यांनी बसलेल्या भागी वहिनी माझ्याकडे बघत होत्या. मग त्याच म्हणाल्या, "बसा मास्तर. झालं." आणि पदर तोंडाला लावून मोठ्यानं रडायला लागल्या. मी खाली बसलो.

परतताना मी आणि सरू सगळ्यांच्या मागं राहिलो. मला शरमेनं चालवत नव्हतं. मी म्हणालो, सरू, आयुष्यभर ज्याच्याशी बोललो त्याच्यासाठी माझ्या तोंडून एक वाक्य निघालं नाही.

सरू म्हणाली, "भाऊजीचंबी असंच झालतं."

"कधी?"

"आपल्या सुजाताच्या वक्ताले. तीनदा तोंड उघडलं त्याईनं. तीनदा मिटलं. हात असे लटकून राह्यले होते. डोळ्याले धार लागली होती, पुसताबी येत नव्हतं. मंग मटकन खाली बसले."

मी वाटेत थांबलो. "मला तू कधी सांगितलं नाहीस."

"तुम्ही तेथीच तं होते," सरू म्हणाली. "मले वाटलं तुमाले ठाव हाय."

नाही, गणपत. माझी मान खाली होती. मला ठाऊक नव्हतं.